हिरवी विहीर आणि फ्लुओरोक्रोम

सेवेतली बहुतेक प्रकरणे आता एकमेकांत मिसळून गेली आहेत. कुठल्या घरफोडीत पंच कोण होता, हे विचाराल तर मला सांगता येणार नाही. पण हिरव्या विहिरीचा तो दिवस मात्र अजून जसाच्या तसा डोळ्यांसमोर उभा राहतो. त्या प्रकरणात कुणी मेले नाही, कुणाचे काही चोरीला गेले नाही, आणि आरोपीने गुन्हा कबूल केला तेव्हा गुन्हा घडलेलाच नव्हता. नावे मी कुणाचीच सांगणार नाही. त्यातली बरीच माणसे अजून मला लग्नपत्रिका पाठवतात, आणि मला ते जेवण चुकवायचे नाही.

आमचे ठाणे शहापूर आणि मुरबाडच्या मधल्या पट्ट्यात होते. मी तिथला प्रभारी. रोजचे काम ठरलेले. बांधावरून डोकी फुटायची, कुणाच्या म्हशी कुणाच्या भातात शिरायच्या, आसनगाव स्टेशनबाहेर लावलेल्या मोटरसायकली गायब व्हायच्या, आणि शनिवार-रविवारी फार्महाऊसवरची गाणी कमी करायला जीप पाठवावी लागायची. मोठा गुन्हा वर्षातून एखादा.

तुळशीची लग्ने उरकली होती, भाते झोडून झाली होती आणि गावोगाव मांडव पडले होते. सकाळची हजेरी घेऊन मी चहा मागवला, तोच ठाणे अंमलदाराचा फोन वाजला. हा अंमलदार सोलापूरकडचा, नुकताच बदलून आलेला. तो फोनवर ओरडत होता, "हिरवी झाली? मग आमाला कशाला फोन करताय? दवाखान्यात न्या की तिला!"

फोन ठेवून तो मला म्हणाला, "साहेब, पोलीस पाटील हायेत. त्यांच्या गावात एक बाई हिरवी झालीय म्हणत्यात."

मी परत फोन लावला. पोलीस पाटील चिडले होते. "बाई नाय वो साहेब, बाव! आमची बाव! विहीर! सगळा पानी हिरवा झालाय. लगीन हाय उद्या गावात. तुमी या लवकर."

विहिरीत विष कालवल्याचा संशय म्हणजे चेष्टेचा विषय नव्हे. स्टेशन डायरीत नोंद करून, तालुक्याच्या वैद्यकीय अधिकाऱ्यांना कळवून, मी हवालदार आणि दोन शिपायांना घेऊन निघालो.

गाव डोंगराच्या पायथ्याशी होते. वरच्या टेपाडावर मुंबईच्या एका गृहस्थांचे फार्महाऊस, उताराखाली पन्नासेक घरांची वस्ती आणि वस्तीच्या तोंडाशी ती विहीर. तिच्या काठावर सगळे गाव जमले होते. मी वाकून पाहिले. बत्तीस वर्षांच्या नोकरीत मी बरीच घाण पाण्यात पाहिली आहे, पण असे पाणी पाहिले नव्हते. शेवाळाचा तो हिरवा नव्हे. उन्हाची तिरीप जिथे पडत होती तिथे पाणी आतून पेटल्यासारखे दिसत होते.

पंचनाम्यात रंगाचे वर्णन लिहायचे होते. एक पंच म्हणाला पोपटी. दुसरा म्हणाला, पोपट एवढा भडक नसतो. शेवटी आमच्या हवालदाराने जीपमधून आपले रहदारीचे चमकदार जॅकेट आणून विहिरीच्या काठावर धरले. रंग तंतोतंत जुळला. तेव्हा पंचनाम्यात "पोलीस जॅकेटसारखा हिरवट पिवळा" असे लिहिले गेले आणि दोन्ही पंचांनी समाधानाने सह्या केल्या.

विहिरीभोवती दोरी बांधली. नमुने बाटल्यांत भरून सील केले. पाणी प्यायलेले कुणी आजारी आहे का, याची चौकशी केली. माणसे सगळी धडधाकट होती. मात्र पहाटे दोन म्हशी विहिरीजवळच्या दगडी डोणीतले पाणी पिऊन गेल्या होत्या. त्या म्हशींवर लक्ष ठेवायला मी एक शिपाई बसवला. नोकरीत नवा होता. त्याने विचारले, "साहेब, लक्ष म्हणजे नेमकं काय बघायचं?" मी म्हणालो, "मेल्या तर सांग."

खरी अडचण लग्नघरी होती. नवरी त्याच वस्तीतली. मुंबईच्या एका पॅथॉलॉजी लॅबमध्ये नोकरीला, रोज आसनगावहून ये-जा करणारी. नवरा मुरबाडकडचा. त्याचे मामा उष्टी हळद घेऊन सकाळीच आले होते. भरदार मिशांचा, मोठ्या आवाजाचा माणूस. त्यांनी विहीर पाहिली आणि मांडवातच जाहीर केले, "जिथं पान्यात विष घालतात त्या गावात आमी वरात आननार नाय. अगोदर गुन्हेगार दाखवा, मंग बघू." नवरीची आई डोक्याला हात लावून बसली होती. बायका हळदीची वाटी तशीच धरून उभ्या होत्या, कारण हळद कालवायची कुठल्या पाण्यात हाच प्रश्न होता.

आता गुप्त बातमीदाराविषयी. आमच्या प्रत्येक बीटला एक असतो. या गावचा बातमीदार मला गोठ्याआड घेऊन गेला, चारी बाजूंना पाहिले आणि कानात म्हणाला, "साहेब, कुनाला सांगू नका. टेम्पोवाल्यानं केलाय." मी गोठ्याबाहेर आलो तर समोरच्या ओट्यावरची म्हातारी मोठ्याने म्हणाली, "टेम्पोवाल्यानं केलाय म्हनून सांगितला ना त्यानं? आमी सकाळपासून तेच बोलतोव."

टेम्पोवाला म्हणजे त्याच गावचा एक तरुण. भाजी, विटा, मांडवाचे सामान, जे मिळेल ते वाहून नेणारा. त्याने या मुलीला मागणी घातली होती आणि तिने नकार दिला होता. पुढे चहाच्या टपरीवर चारचौघांत त्याने "हे लगीन मी होऊ देनार नाय" असे म्हटले होते. हेतू होता, धमकी होती, आणि विहीर त्याच्या घरापासून हाकेच्या अंतरावर. एवढ्यावर त्याला चौकशीला बोलावणे भागच होते. तो तयारच होता. इस्त्रीचा शर्ट घालून, केस विंचरून घराबाहेर उभा होता. जीपमध्ये बसताना त्याने लग्नाच्या मांडवाकडे एकदा पाहिले, जणू आपल्याला कुणी पाहते आहे की नाही याची खात्री करत होता.

ठाण्यात त्याला समोर बसवले. मी काही विचारण्याआधीच तो म्हणाला, "मीच केलाय साहेब. लिहून घ्या."

माझा अनुभव असा, की खरा गुन्हेगार आधी सगळे नाकारतो, मग थोडे आठवते, मग दुसऱ्याचे नाव घेतो. हा गडी थेट शेवटच्या पायरीवर उभा होता.

"काय टाकलंस विहिरीत?"

"विष."

"कुठलं?"

त्याने विचार केला. "हिरवा."

"नाव काय त्याचं?"

"नाव फाडून टाकला साहेब."

"कुठून फाडलंस? बाटलीवरून?"

"हां, बाटलीवरून."

"पण तू हवालदारांना जीपमध्ये पिशवी म्हणालास."

"पिशवीत बाटली व्हती."

हवालदाराला खोकला आला. तो खिडकीकडे तोंड करून उभा राहिला.

"किती टाकलंस?"

"लय."

"ते पाणी दोन म्हशी प्यायल्यात, ठाऊक आहे?"

त्याचा चेहरा एकदम उतरला. "कुनाच्या? आमच्या नाय ना? साहेब, त्यांना काय झाला नाय ना?"

"रवंथ करत बसल्यात."

"मंग बरा," तो म्हणाला, आणि आपण विष घातले आहे हे आठवून परत ताठ बसला.

त्याच्यासाठी चहा मागवला. दोन घोट घेतल्यावर मी साध्या आवाजात विचारले, "अरे, का स्वतःवर ओढून घेतोस?"

त्याने कप खाली ठेवला. "सकाळपासून आख्खा गाव बोलतोय मीच केला म्हनून. टपरीवर मीच बोललो व्हतो ना, होऊ देनार नाय. आता नाय बोललो तर लोक हसतील. म्हनतील, याच्यानं तेवढा पन झाला नाय."

मी जबाबाचा कागद बाजूला सारला. माणूस तुरुंगाला भितो त्याहून जास्त हसण्याला भितो, हे त्या दिवशी माझ्या लक्षात आले.

तेवढ्यात दाराशी गलका झाला. गावातून शिष्टमंडळ आले होते. पुढे गावचे मास्तर. शाळेत विज्ञान शिकवून निवृत्त झालेले, पांढराशुभ्र शर्ट-लेंगा, परीटघडीचा. त्यांच्या मागोमाग रिक्षातून उतरली ती खुद्द नवरी. हातात हिरवा चुडा, सोबत आई. महिला शिपाई पुढे झाली, पण मुलगी थेट माझ्या टेबलासमोर आली.

"साहेब, याला सोडा. याच्यानं नाय झालं ते. ते मी टाकलंय."

टेम्पोवाला खुर्चीवरून उठला. "तू कशाला मधी येते गो? माझा कबूल करून झालाय!"

"तू बस रे गप."

तो बसला. मी विचारले, "काय टाकलंय?"

"फ्लुओरोक्रोम."

हा शब्द खोलीत पडला. हवालदाराने लिहायला घेतले आणि "फुलोरा क्रोम" असे लिहिले. मास्तर मात्र दारातच थबकले. त्यांचा चेहरा पांढरा पडला.

"अरे देवा," ते म्हणाले. "फ्लुओरिन आणि क्रोमियम! एकानं हाडं वाकतात, दुसऱ्यानं कातडी जळते. दोन-दोन विषं!"

मी मास्तरांना थांबवेपर्यंत शिष्टमंडळातल्या कुणीतरी मोबाइल काढला होता. आमच्या जीपला त्या गावात जायला अर्धा तास लागतो. ही बातमी मी टोपी टेबलावर ठेवेपर्यंत पोहोचली. गावात ती "नवरीनंच दोन जातीचं विष घातलं" अशी झाली. मुरबाडला नवऱ्याकडे पोहोचेपर्यंत विषे तीन झाली होती. मामांचा मला फोन आला. ते लग्न मोडल्याचे सांगत नव्हते. नवऱ्या मुलाने आतापर्यंत सासरी किती वेळा चहा घेतला, ते सांगत होते.

मी सगळ्यांना बाहेर काढले. खोलीत मुलगी, तिची आई, महिला शिपाई, हवालदार आणि मास्तर एवढेच ठेवले. मास्तरांना ठेवले कारण बाहेर ते जास्त धोकादायक होते. टेम्पोवाला उठायला तयार नव्हता. तो म्हणाला, आरोपी मी आहे.

"आता नीट सांग," मी मुलीला म्हणालो. "या शब्दाचा अर्थ काय?"

"साहेब, क्रोम म्हणजे रंग. ग्रीक शब्द आहे. त्यात धातूबितू काही नाही."

"मग क्रोमियम?" मास्तर म्हणाले.

"त्या धातूचे क्षार रंगीबेरंगी असतात, म्हणून त्यालाही त्याच शब्दावरून नाव दिलंय, मास्तर. आणि पुढचा फ्लुओरो आहे ना, तो फ्लुओरिन नव्हे. तो फ्लुओरेसन्समधला. तुम्हीच आम्हाला प्रतिदीप्ती शिकवली होती."

मास्तर खुर्चीत बसले. "हो, शिकवली होती," ते हळूच म्हणाले. "पण प्रश्नपत्रिकेत कधी यायची नाही."

मला अजून काही समजले नव्हते, आणि न समजलेले मी कधी जबाबात घेत नाही. मी तसे सांगितले. ती म्हणाली, "हवालदारकाकांचं जॅकेट आहे ना, तसं. साधा रंग नुसता दिसतो. हा रंग प्रकाश गिळतो आणि लगेच दुसऱ्या रंगाचा करून परत देतो. जांभळ्याच्या पलीकडे एक प्रकाश असतो, आपल्याला दिसत नाही. तो घेतो आणि आपल्याला दिसणारा हिरवा देतो. म्हणून तो एवढा भडक वाटतो. आमच्या लॅबमध्ये थुंकीच्या नमुन्यावर असाच एक रंग चढवतात. क्षयाचे जंतू तो धरून ठेवतात आणि खास दिव्याखाली, काळ्यावर चांदण्यासारखे चमकतात. पेशी, जंतू रंगवायला असा चमकणारा रंग वापरला की त्याला म्हणायचं फ्लुओरोक्रोम."

"आणि विहिरीत टाकला की?"

"मग त्याला ट्रेसर म्हणतात. पाण्याचा माग काढायला वापरतात. माझ्या तोंडात आपला लॅबमधलाच शब्द आला."

माग काढणे हा आमचा धंदा. मी पुढे झुकलो. "कसला माग?"

तिने आईकडे पाहिले. आईने मान डोलावली. मग ती म्हणाली, "विहिरीत मी काहीच टाकलेलं नाय, साहेब. मी टाकलं वरच्या फार्महाऊसच्या संडासात. दिवाळीत."

तिची हकीकत अशी. पाऊस संपल्यापासून वस्तीतल्या मुलांना जुलाब लागत होते. एक बरे झाले की दुसरे पडायचे. तिच्या भावाच्या मुलीला तर सलाइन लावावे लागले होते. तिने विहिरीचे पाणी आपल्या लॅबमध्ये तपासून घेतले. त्यात मैल्याचे जंतू निघाले. तिला वरच्या फार्महाऊसच्या संडासाच्या टाकीचा संशय होता. फार्महाऊसवाल्यांना विचारले तर ते म्हणाले, माझी टाकी पक्की आहे, तुमच्या गुरांचे शेण असेल. गावातही कुणी फार बोलेना, कारण निम्म्या घरांतली कुणी ना कुणी त्यांच्याकडे कामाला होती.

"जंतूंवर कुणाचं नाव लिहिलेलं नसतं, साहेब," ती म्हणाली. "रंगाचं तसं नाय. रंग जिथून घातला तिथून येतो."

दिवाळीत फार्महाऊसवर पाहुणे होते. वस्तीतल्या बायकांना भाकऱ्या भाजायला बोलावले होते. ही त्यांच्याबरोबर गेली, हात धुण्याच्या निमित्ताने आत शिरली आणि मुंबईहून विकत आणलेली रंगाची भुकटी संडासात ओतून पाणी सोडले.

"केवढी टाकलीस?"

इथे ती पहिल्यांदा ओशाळली. "चिमूटभर पुरते. पण मला वाटलं, दिसलीच नाय तर? म्हणून मी बाटली रिकामी केली." मग तिने रोज विहिरीत डोकावून पाहिले. रंग काही आला नाही. दिवस गेले, लग्न ठरले होते त्याच्या खरेदीत ती गुंतली, आणि आपला तर्क चुकला असे समजून तिने तो विषय सोडून दिला. जमिनीखालचे पाणी मुहूर्त बघून चालत नाही. ते आले नेमके हळदीच्या दिवशी.

बोलणे पटत होते. पण एका कबुलीजबाबाने सकाळीच फसवले होते, तेव्हा दुसऱ्यावर मी लगेच विश्वास ठेवणार नव्हतो. फार्महाऊसच्या मालकांना बोलावून घ्यावे, असे मी हवालदाराला सांगतच होतो, तोच ते स्वतःच आले. पांढरी गाडी, गळ्यात सोन्याची साखळी, हातात मोबाइल. मी मुलीला आतल्या खोलीत बसवले.

"इन्स्पेक्टरसाहेब, मला कम्प्लेंट करायची आहे," ते म्हणाले. "हा विहिरीचा प्रकार ज्यानं केला ना, त्यानं मला पण टारगेट केलंय. हे बघा." त्यांनी मोबाइल माझ्यासमोर धरला. पडद्यावर एका कमोडचा फोटो होता. आतले पाणी पोलीस जॅकेटसारखे हिरवट पिवळे. "दिवाळीत, पाहुणे असताना! माझ्या साडूनं बघितलं, तो किंचाळत बाहेर आला. त्याला वाटलं त्यालाच काहीतरी झालंय. मी तेव्हा गप्प बसलो. आता विहिरीचा फोटो बघितला आणि ओळखलं. सेम कलर!"

"तोच रंग, अशी तुमची खात्री आहे?"

"हंड्रेड परसेंट. जुळवून बघा."

"जबाबात लिहून घेऊ?"

"घ्या ना! मी सही करतो."

हवालदाराने लिहून घेतले. त्यांनी वाचून ऐटदार सही केली. मी विचारले, "तुमच्या कमोडचं पाणी कुठं जातं?"

"सेप्टिक टँकमध्ये. एकदम पक्की टाकी आहे."

"आणि टाकीतून पुढं?"

"कुठंच नाही! थेंब बाहेर जात नाही, मी लिहून देतो."

"विहिरीत दिवाळीत रंग नव्हता. तुमच्या कमोडमध्ये होता. आज विहिरीत आहे. तुम्हीच म्हणता, तोच रंग आहे."

"तोच."

"मग तो टाकीतून निघून विहिरीपर्यंत गेला कसा?"

"कसा म्हणजे? आता चालत तर जाणार..." एवढे बोलून ते थांबले. तोंड उघडेच राहिले. त्यांनी आधी मोबाइलकडे पाहिले, मग आपल्या सहीकडे, मग माझ्याकडे. कोपऱ्यात बसलेला टेम्पोवाला आदराने म्हणाला, "शेठ, तुमी पन कबूल केला?"

तपासातला शोध म्हणतात तो हा. मी यात फारसे काही केले नाही. फक्त योग्य वेळी गप्प बसलो.

गुन्ह्याचा उलगडा झाला होता, पण लग्न अजून अडलेलेच होते. गावाला विष नाही हे पटवणे माझ्या सांगण्याने होणार नव्हते. मुलीलाच युक्ती सुचली. खोट्या नोटा तपासायला जो जांभळा दिवा वापरतात, तो पाहिजे, ती म्हणाली. बाजारातल्या एका दुकानदाराकडून आम्ही तो उसना घेतला आणि सगळे लवाजम्यासह गावात गेलो. मामा दोरीपलीकडे हाताची घडी घालून उभे होते. मास्तर, मामा आणि गावची चार वडीलधारी माणसे यांना समाजमंदिराच्या खोलीत नेले, दारे-खिडक्या लावून घेतल्या, आणि विहिरीच्या पाण्याचा पेला टेबलावर ठेवून दिवा लावला.

पेल्यातले पाणी हिरव्या निखाऱ्यासारखे पेटले. सगळे मागे सरले. पण त्याहून मोठा धक्का बाजूला बसला. अंधारात मास्तर निळसर पांढरे चमकत होते. शर्ट, लेंगा, खिशातला रुमाल, सगळे. फक्त डोके आणि हात गायब. एका म्हाताऱ्याने देवाचे नाव घेतले.

"मास्तर," पोलीस पाटील घाबरून म्हणाले, "तुमी पन विहिरीतला पानी प्यालात?"

"घाबरू नका," अंधारातून मुलीचा आवाज आला. "कपड्याच्या साबणात असला एक चमकणारा रंग घालतात. कपडे पांढरेधोप दिसावेत म्हणून. हा निळसर चमकतो, विहिरीतला हिरवा. एवढाच फरक. मास्तर रोज अंगावर घालून हिंडतायत, त्यांना काय झालंय?"

मास्तरांनी आपल्या चमकत्या बाहीकडे निरखून पाहिले. मोठ्या मनाचा माणूस. घसा खाकरून वर्गात बोलावे तसे म्हणाले, "फ्लुओरोक्रोम. क्रोम म्हणजे रंग. मी चुकीचा अर्थ सांगितला होता. सगळ्यांनी दुरुस्त करून घ्या."

खिडक्या उघडल्या. मामांच्या चेहऱ्यावरचा राग निवळला होता. भावनेच्या भरात त्यांनी मिशीवर ताव दिला, "मंग माझा काय बोलना नाय. ही आमची सून. आनि तिच्यावर भरवसा हाय म्हनून..." असे म्हणत त्यांनी टेबलावरचा तो पेला उचलून तोंडाला लावला.

मी नोकरीत एवढ्या चपळाईने कुठल्या दरोडेखोरावर झडप घातली नसेल. पेला हिसकावला तेव्हा निम्मे पाणी माझ्या गणवेशावर सांडले.

"मामा, रंगात विष नाही!" मी ओरडलो. "पाण्यात आहे! हे पाणी फार्महाऊसच्या संडासातून आलंय!"

मग एकेकाच्या चेहऱ्यावर ते उमटत गेले. रंग आज आला होता. पाणी कधीपासून येत होते? मामांनी सकाळी याच गावात घेतलेला चहा आठवला असावा, कारण ते मिशीला हात लावून बाहेर गेले आणि बराच वेळ परत आले नाहीत. पोलीस पाटलांच्या डोळ्यांत पाणी आले. त्यांचा नातू नुकताच जुलाबांतून उठला होता. आतापर्यंत हसत असलेला मीही मग हसलो नाही.

पुढचे सगळे रीतसर झाले. वैद्यकीय अधिकाऱ्यांनी नमुने तपासले, रंग निरुपद्रवी आणि पाणी पिण्यास अयोग्य, असा अभिप्राय दिला. विहीर उपसून औषध घातले. फार्महाऊसची टाकी उघडल्यावर तळाला हात जाईल एवढी भेग सापडली, आणि आरोग्य खात्याच्या नोटिशीनंतर मालकांना दुसरी टाकी उताराच्या दुसऱ्या बाजूला बांधावी लागली. मुलीला मी समोर बसवून चांगले खडसावले. दुसऱ्याच्या घरात न विचारता काही ओतायचे नाही, गावाच्या पाण्याशी संबंध असेल तर चार माणसांना सांगितल्याशिवाय तर मुळीच नाही. तिने मान खाली घालून ऐकून घेतले. मग विचारले, "सांगितलं असतं तर करू दिलं असतं का, साहेब?" मी तिला वेळ झाला म्हणून घरी पाठवले.

राहिला लग्नाच्या स्वयंपाकाचा प्रश्न. तानसा धरणाचे पाणी याच तालुक्यातून मुंबईला जाते, पण या वस्तीला दुसरी विहीर नव्हती. टेम्पोवाला उठला, शेजारच्या गावातून पिंपे भरभरून आणू लागला आणि संध्याकाळपर्यंत त्याने मांडवामागे पाण्याची रांग लावली. हळद कालवली गेली, तांदूळ धुतले गेले. दुसऱ्या दिवशी वरात वेळेवर आली. बंदोबस्ताच्या निमित्ताने मीही होतो. आदल्या पहाटे विहिरीवर भांडी घासलेल्या काही बायकांच्या नखांतला हिरवा रंग गेला नव्हता. त्या लाजत पदराखाली हात लपवून अक्षता टाकत होत्या.

पंगत उठल्यावर टेम्पोवाला मला बाजूला घेऊन गेला. "साहेब, एक इनंती हाय. मी केला नाय हे कुनाला जास्त सांगू नका. टपरीवर आता लोक उठून जागा देतात."

हे प्रकरण पुढे मी नव्या शिपायांना बरेचदा सांगितले. संशयिताला "तू केलंस का" असे विचारू नका, "कसं केलंस" असे विचारा, म्हणजे खोटे कबूल करणाराही अडकतो. नवा शब्द कानावर आला तर तो ज्याचा आहे त्यालाच अर्थ विचारा, शेजाऱ्याला नको. ही शिकवण कामाची होती आणि मुले ती हसत हसत लक्षात ठेवायची.

पण एक गोष्ट मी त्यांना सांगत नसे, कारण ती मला नीट मांडता येत नसे. विहीर हिरवी झाली तेव्हा गाव घाबरले, पोलीस आले, पंचनामा झाला, लग्न मोडायची वेळ आली. त्याआधी तीच विहीर तळ दिसेल इतकी नितळ होती, आणि त्या नितळ पाण्यानेच मुले आजारी पडत होती. त्याची तक्रार घेऊन आमच्या ठाण्याची पायरी मात्र कुणीही चढले नव्हते.